बाजू ३ फुटांनी वाढली, क्षेत्रफळ ६९ने: चौरसाच्या शाब्दिक उदाहरणांत मुलं कुठे अडतात?

प्रश्न थोडक्यात असा आहे. मुलगी आठवीत, सेमी-इंग्रजीत. विस्तारसूत्रं, म्हणजे (अ + ब)² = अ² + २अब + ब² वगैरे, तोंडपाठ, झोपेतून उठवून विचारलं तरी सांगते. पण उदाहरण आलं, "एका चौरसाकृती खोलीची बाजू ३ फुटांनी वाढवली तेव्हा तिचं क्षेत्रफळ ६९ चौरस फुटांनी वाढलं, तर मूळ बाजू किती?" आणि तिने लिहिलं: क्ष² + ९ = क्ष² + ६९. दोन्हीकडचा क्ष² उडाला, ९ = ६९ उरलं आणि वही मिटली. पालकांनी विचारलंय की सूत्र येतं तर अडतं कुठे, आणि घरी सराव कसा घ्यायचा. (वहीत मुलं इंग्रजी अक्षर वापरतात, मी इथे जुन्या पद्धतीने क्ष लिहितो आहे.)

आधी एक सांगतो, ही चूक चांगल्या जातीची आहे. समीकरणाची उजवी बाजू अगदी बरोबर आहे. नवं क्षेत्रफळ म्हणजे जुनं अधिक ६९, हे तिला कळलंय, आणि बरीच मुलं इथेच घसरतात. बिघडली ती डावी बाजू. बाजू ३ने वाढली म्हणून तिने ३चा वर्ग करून जोडला. (क्ष + ३)² च्या जागी क्ष² + ३². सूत्र पाठ असूनही हे होतं, कारण सूत्र आठवायला कंस दिसावा लागतो आणि शाब्दिक उदाहरणात कंस कुणी आयता देत नाही. नवी बाजू "क्ष + ३" अशी कागदावर लिहिली असती तर पुढचं आपोआप सुचलं असतं. ती पायरी तिने मनात केली, आणि मनातल्या पायरीत कंस टिकत नाही.

म्हणजे अडचण बीजगणिताची नाही. सूत्रातलं मधलं पद, ते "दोन अ ब", जमिनीवर नेमकं कुठे असतं हे तिने पाहिलेलं नाही. ते दाखवायला लादीइतकी सोयीची वस्तू नाही.

१० बाय १०ची खोली धरा आणि १ फुटाच्या लाद्या. १०० लाद्या बसल्या. आता एकीकडची गॅलरी आत घेतली आणि शेजारच्या बाजूला पॅसेजचा तुकडा घेतला, दोन्हीकडे ३ फूट. गॅलरीकडची पट्टी १० फूट लांब, ३ फूट रुंद, तिला ३० लाद्या. पॅसेजकडच्या पट्टीला आणखी ३०. एवढ्यावर थांबलात तर खोलीच्या कोपऱ्यात ३ बाय ३ची खाच राहते, कारण दोन्ही पट्ट्या जुन्या भिंतींइतक्याच लांब आहेत. त्या खाचेत ९ लाद्या. एकूण ३० + ३० + ९, म्हणजे ६९. खोली १३ बाय १३ झाली आणि १६९ लाद्या पूर्ण झाल्या. (खरा मिस्त्री तुटफुटीसाठी वर आणखी मागवेल, ते वेगळं.)

या चित्रात तुमच्या मुलीने काय केलं? तिने फक्त कोपऱ्यातल्या ९ लाद्या बसवल्या आणि दोन्ही पट्ट्या विसरली. दुसऱ्या प्रकारची मुलं नेमकं उलट करतात. ती पट्ट्या बसवतात आणि कोपरा विसरतात. त्यांचं समीकरण ६क्ष = ६९ होतं आणि उत्तर ११.५ येतं. ही चूक जास्त धोक्याची, कारण उत्तर शहाण्यासारखं दिसतं. ताळा केला तरच पकडली जाते: १४.५चा वर्ग २१०.२५, ११.५चा वर्ग १३२.२५, फरक ७८. हवे होते ६९. म्हणजे बरोबर ९ जास्त, कोपऱ्याएवढेच. चुकीचा आकडा कोपऱ्याशी जुळला की कुठे घसरलो ते वेगळं शोधावं लागत नाही.

आता उदाहरण उलट सोडवा, अजून बीजगणित नको. ६९ लाद्या जादा लागल्या. कोपऱ्याच्या ९ बाजूला काढा. ६० उरल्या, त्या दोन सारख्या पट्ट्यांच्या, म्हणून एकीच्या ३०. पट्टीची रुंदी ३, तर लांबी १०. हीच मूळ बाजू. हे तोंडी जमलं की मग लेखी मांडणी घ्या: (क्ष + ३)² = क्ष² + ६९, म्हणून क्ष² + ६क्ष + ९ = क्ष² + ६९, म्हणून ६क्ष = ६०. तोंडी केलेली प्रत्येक पायरी इथे आहे. ९ वजा करणं म्हणजे कोपरा काढणं, आणि ६ने भागणं म्हणजे दोन पट्ट्या आणि ३ फूट रुंदी एकदम. क्ष² दोन्हीकडून जातो म्हणून हे उदाहरण आठवीतल्या मुलीलाही सुटतं, दहावीच्या वर्गसमीकरणांपर्यंत थांबायची गरज नाही.

तिसरी वाट मला सर्वांत आवडते. वाढलेला भाग कोनात वळलेला आहे. तो कापून सरळ केला तर? एक तुकडा १३ बाय ३ (यात कोपरा आला), दुसरा १० बाय ३. टोकाला टोक लावलं की २३ लांब, ३ रुंद अशी एकच पट्टी होते, २३ × ३ = ६९. म्हणजे ६९ला ३ने भागलं की नवी आणि जुनी बाजू यांची बेरीज मिळते. बेरीज २३, फरक ३, तर बाजू १३ आणि १०. वर्गांच्या वजाबाकीचं सूत्र हेच आहे, फक्त कात्रीने केलेलं. शिष्यवृत्तीच्या पेपरात पर्यायी उत्तरं असतात आणि वेळ कमी, तिथे ही वाट सर्वांत जलद. शिवाय इथे कोपरा विसरायला जागाच नाही.

घरी हे करायला चौकटीची वही पुरते. ६ × ६चा चौरस रंगवा, दोन बाजूंना २-२ चौकटी वाढवा. पट्ट्या एका रंगाने, कोपरा दुसऱ्या रंगाने. १२ + १२ + ४ = २८, आणि ६४ − ३६ = २८. असे चार-पाच चौरस काढले की पुढे आकृती काढावी लागत नाही, मनात येते. पण परीक्षेत कच्च्या कामाच्या जागी ती काढावीच, अर्ध्या मिनिटाचं काम आहे.

एक शंका हमखास येते. खोली दोनच बाजूंनी वाढवली असं आपण का धरलं, चारी भिंती सरकवल्या असतील तर? चारी भिंती दीड-दीड फूट बाहेर सरकवल्या तरी बाजू ३नेच वाढते. चार पट्ट्या १० × १.५च्या, म्हणजे ६०. चार कोपरे १.५ × १.५चे, म्हणजे ९. पुन्हा ६९. वाढ कुठल्या अंगाने झाली याने काही बिघडत नाही, एकूण बाजू किती वाढली एवढंच मोजायचं.

पण "सभोवती ३ फूट" असं म्हटलं तर गोष्ट बदलते. सोसायटीच्या चौरस बागेभोवती बाहेरून २ मीटर रुंदीचा पेव्हर ब्लॉकचा रस्ता केला आणि रस्त्याचं क्षेत्रफळ १३६ चौरस मीटर भरलं, तर बागेची बाजू किती? इथे बहुसंख्य मुलं नवी बाजू क्ष + २ धरतात. रस्ता डावीकडेही आहे आणि उजवीकडेही, म्हणून ती क्ष + ४ आहे. (क्ष + ४)² − क्ष² = ८क्ष + १६ = १३६, म्हणून क्ष = १५. ताळा: ३६१ − २२५ = १३६. क्ष + २ धरलं असतं तर ४क्ष + ४ = १३६ होऊन बाजू ३३ आली असती. इतक्या मोठ्या बागेभोवतीचा रस्ता १३६त बसेल का, एवढा विचार केला तरी संशय यायला हवा, कारण २ रुंदीच्या नुसत्या चार पट्ट्याच २६४ भरतात. आकृतीसाठी घरातला कॅरम बोर्ड काढा. आतली खेळायची जागा २९ इंच, भोवती लाकडी पट्टी. पट्टी ३ इंच असेल तर बाहेरून बोर्ड ३५ इंच, ३२ नव्हे. आणि उदाहरणात "आतल्या बाजूने रस्ता" म्हटलं असेल तर दिलेली बाजू बाहेरची, आतली क्ष − ४. "बाहेरून" आणि "आतून" या दोन शब्दांखाली मी रेघ मारायला लावतो.

कमी करण्याची उदाहरणं मुलांना सोपी वाटतात आणि तिथेच जास्त गुण जातात. "बाजू २ने कमी केली तेव्हा क्षेत्रफळ ३६ने कमी झालं." क्ष² − (क्ष − २)² = ३६. कंस सोडवताना पुढची वजा खूण शेवटच्या पदापर्यंत पोचत नाही आणि ४क्ष + ४ = ३६ असं लिहून बाजू ८ येते. खरं समीकरण ४क्ष − ४ = ३६, बाजू १०. कोपरा वजा का झाला? लाद्या उचलून पाहा. १० बाय १०मधून एका कडेची २ फुटांची पट्टी काढली, २० लाद्या. दुसऱ्या कडेची पट्टी काढायला गेलात तर ती आता ८ फूटच उरली आहे, १६ लाद्या. एकूण ३६. दोन्ही पट्ट्या पूर्ण २०च्या धरल्या तर कोपऱ्यातल्या ४ लाद्या दोनदा मोजल्या जातात, म्हणून एकदा परत द्यायच्या. नवं क्षेत्रफळ काढताना वाढीत कोपरा जोडायचा आणि घटीतही कोपरा जोडायचा, हे चिन्हांचं गौडबंगाल वाटतं. कारण मात्र एवढंच आहे.

आता भाषा. या उदाहरणांत गणितापेक्षा शब्दयोगी अव्ययं आणि प्रत्यय जास्त त्रास देतात. "क्षेत्रफळ ६९ने वाढलं" आणि "क्षेत्रफळ ६९ झालं" यात आकाशपाताळाचा फरक आहे. सेमीच्या मुलांना हेच "इन्क्रीज्ड बाय" आणि "इन्क्रीज्ड टू" असं भेटतं, आणि घाईत दोन्ही सारखेच वाचले जातात. "तिप्पट झालं" हे स्वच्छ आहे. "तीन पटीने वाढलं" हे स्वच्छ नाही: कुणी ३ पट समजतो, कुणी मूळ अधिक ३ पट म्हणजे ४ पट. परीक्षेत बहुतेक वेळा ३ पटच अपेक्षित असतं, पण पर्याय दिलेले असतील तर दोन्ही अर्थांनी करून बघा, सहसा एकाचंच उत्तर पर्यायांत सापडतं. लेखी पेपरात "येथे नवे क्षेत्रफळ मूळच्या ३ पट मानले आहे" अशी एक ओळ टाकावी. शतमानात मात्र शंका नाही. ३०० टक्के वाढ म्हणजे चौपट, आणि ३०० टक्के झालं म्हणजे तिप्पट.

पटीची उदाहरणं आली की पट्ट्या-कोपरा विसरा. तिथे वर्गमूळ घ्यायचं. "बाजू ३ने वाढवली तर क्षेत्रफळ चौपट झालं." क्षेत्रफळ चौपट तर बाजू दुप्पट, क्ष + ३ = २क्ष, क्ष = ३. एका ओळीत संपलं. हेच कंस सोडवून केलं तर ३क्ष² − ६क्ष − ९ = ० होतं, ३ने भागून अवयव पाडून उत्तरं येतात ३ आणि −१. आठवीच्या मुलीला इथे उगाच भिंत लागते. दहावीच्या मुलाने तसं केलं तरी हरकत नाही, पण −१ आलं कुठून हे त्याला विचारा. बाजू −१ आणि ३ने वाढून २, क्षेत्रफळं १ आणि ४, चौपट झालंच की! समीकरणाला ते उत्तर चालतं, खोलीला चालत नाही. म्हणून "बाजू ऋण नसते, ∴ क्ष = −१ अग्राह्य" ही ओळ लिहायची. ती नसेल तर गुण कापले जातात, आणि ते योग्यच आहे.

पटीत सर्वांत रुजलेला गैरसमज म्हणजे क्षेत्रफळ दुप्पट तर बाजू दुप्पट. १ फुटाच्या लाद्यांऐवजी २ फुटांच्या घेतल्या तर १० बाय १०च्या खोलीला ५० लागतील असं मोठी माणसंही पटकन म्हणून जातात. लागतात २५. गावच्या जमिनीचा हिशेब घरात होत असेल तर गुंठा घ्या. १ गुंठा म्हणजे ३३ फूट बाय ३३ फूट, १०८९ चौरस फूट. ६६ बाय ६६ म्हणजे २ गुंठे नव्हेत, ४ गुंठे. मग २ गुंठ्यांच्या चौरसाची बाजू किती? ३३ला २च्या वर्गमूळाने, १.४१४ने गुणा: साधारण ४६ फूट ८ इंच. गंमत अशी की हा आकडा म्हणजे १ गुंठ्याच्या चौरसाचा कर्ण. चौरसाच्या कर्णावर उभारलेला चौरस दुप्पट क्षेत्रफळाचा असतो, हे बौधायनाच्या शुल्बसूत्रात यज्ञवेदीच्या मापांसाठी सांगितलेलं आहे. मुलीला कागदाचा चौरस घेऊन चारी कोपरे मध्यावर दुमडायला सांगा. कागद बरोबर अर्धा होतो, आणि दुमडलेल्या चौरसाचा कर्ण मूळ बाजूइतका असतो. वर्गमूळ शिकवण्याआधी हे हातात यायला हवं.

मुंबईत तर याची उदाहरणं वर्तमानपत्रातच मिळतात. झोपडपट्टी पुनर्वसनातलं घर आधी २२५ चौरस फुटांचं, मग २६९चं, आता ३००चं. घर चौरस धरलं (प्रत्यक्षात नसतं) तर २२५ म्हणजे बाजू १५ फूट. ३०० म्हणजे १७.३२ फूट. क्षेत्रफळ एक तृतीयांशाने वाढलं, पण भिंत सरकली जेमतेम सव्वादोन फूट. बीडीडी चाळीतली खोली १६० चौरस फुटांची, पुनर्विकासात घर ५००चं. क्षेत्रफळ तिपटीहून थोडं जास्त, बाजू पावणेदोन पट. जाहिरातीतला आकडा आणि घरात शिरल्यावर डोळ्यांना जाणवणारा मोठेपणा यांत तफावत का वाटते, याचं निम्मं उत्तर या वर्गमूळात आहे.

आणि हा २६९ कुठून आला? तो २५ चौरस मीटर आहे, ५ मीटर बाय ५ मीटर. ५ मीटर म्हणजे १६.४ फूट, त्याचा वर्ग २६८.९६. एककाची चूक इथेच होते. १ मीटर म्हणजे ३.२८ फूट हे पाठ असतं, म्हणून मुलं २५ला ३.२८ने गुणतात आणि ८२ चौरस फूट लिहितात. चौरस एकक आलं की गुणकाचाही वर्ग: १ चौरस मीटर म्हणजे १०.७६ चौरस फूट. करारनाम्यात चौरस मीटर आणि ब्रोकरच्या तोंडी चौरस फूट, तेव्हा हे पालकांनाही उपयोगी आहे. आणखी एक बारीक खड्डा: १० फूट ६ इंच म्हणजे १०.६ फूट नव्हे, १०.५. वर्ग केल्यावर हा फरक २ चौरस फुटांच्या वर जातो.

टक्क्यांच्या उदाहरणांत क्ष धरूच नका, बाजू १० धरा. क्षेत्रफळ १०० होतं आणि टक्के आयते वाचता येतात. बाजू २० टक्के वाढली: १२, क्षेत्रफळ १४४, वाढ ४४ टक्के. २० + २० + ४, पुन्हा दोन पट्ट्या आणि कोपरा. १० टक्के वाढीला २१ टक्के, १० टक्के घटीला १९ टक्के घट. उलट विचारलं की मुलं निम्मं करतात: क्षेत्रफळ २० टक्के वाढलं तर बाजू १० टक्के. नाही, १० टक्क्यांनी २१ होतात. १.२चं वर्गमूळ १.०९५, म्हणून बाजू साधारण साडेनऊ टक्के. परीक्षेत आकडा सहसा ४४ किंवा २१ असा नीट सुटणारा देतात. इथे दोन जुळी वाक्यं नीट वेगळी करा. "एक बाजू २० टक्के वाढवली आणि दुसरी २० टक्के कमी केली" म्हणजे १२ × ८ = ९६, घट ४ टक्के, आणि तो आता आयत आहे. "बाजू आधी २० टक्के वाढवली, मग २० टक्के कमी केली" म्हणजे १० → १२ → ९.६, क्षेत्रफळ ९२.१६, घट ७.८४ टक्के, आणि तो अजून चौरसच आहे.

दोन बाजूंना वेगळी वागणूक मिळाली की वर्ग नाही, गुणाकार मांडायचा. "एक बाजू ४ने वाढवली, दुसरी ३ने कमी केली, तरी क्षेत्रफळ तेवढंच राहिलं." (क्ष + ४)(क्ष − ३) = क्ष², म्हणून क्ष = १२. ताळा: १६ × ९ = १४४. क्ष² दोन्हीकडे आहे, म्हणून हेही आठवीचं. पण "एक बाजू ५ने, दुसरी २ने वाढवली आणि आयताचं क्षेत्रफळ १८० झालं" यात क्ष² उरतो: क्ष² + ७क्ष − १७० = ०, (क्ष + १७)(क्ष − १०) = ०. इथे दहावीची अवयव पद्धत लागते. आठवीतल्या मुलीने हे अंदाजाने सोडवलं, १० घालून १५ × १२ करून पाहिलं, तर मी शाबासकी देईन. दहावीच्या पेपरात मात्र अंदाजाला गुण नाहीत. तिथे "समजा, मूळ बाजू क्ष मीटर", "दिलेल्या अटीनुसार", समीकरण, अवयव, अग्राह्य मूळ, एककासह उत्तर, हा क्रम पाळायचा. आणि विचारलंय काय ते शेवटी पुन्हा वाचायचं. क्ष मूळ बाजू धरली आणि प्रश्न नव्या बाजूचा असला की सगळं बरोबर करूनही १३च्या जागी १० लिहिलं जातं.

वहीत मी एक छोटा तक्ता काढून घेतो, समीकरणाच्या आधी. दोन रकाने, "जुना" आणि "नवा". पहिल्या ओळीत बाजू: क्ष, क्ष + ३. दुसऱ्या ओळीत क्षेत्रफळ: क्ष², (क्ष + ३)². खाली एक वाक्य शब्दांत: "नवं = जुनं + ६९." तुमच्या मुलीची चूक या तक्त्यात होऊच शकत नाही, कारण क्ष + ३ एकदा चौकटीत बसलं की वर्ग त्याचाच करावा लागतो. परिमिती दिली असेल तर तिसरी ओळ घाला. "परिमिती ८ने वाढली, क्षेत्रफळ ४४ने" यात परिमितीवरून बाजूची वाढ २ निघते, मग ४क्ष + ४ = ४४, बाजू १०.

सराव किती, हे तिच्यावर आहे. चूक वाचनात होत असेल तर वीस उदाहरणं सोडवून काही होणार नाही. दहा उदाहरणांचे नुसते तक्ते भरून घ्या, सोडवू नका. चूक कंस सोडवण्यात होत असेल तर उलट करा, तक्ते तुम्ही द्या आणि सोडवणं तिच्यावर ठेवा. आणि अधूनमधून एक बिघडलेलं उदाहरण सरकवा. "एक बाजू २ने वाढवली, दुसरी २ने कमी केली, क्षेत्रफळ ४ने कमी झालं, तर मूळ बाजू किती?" (क्ष + २)(क्ष − २) नेहमीच क्ष² − ४ असतं, म्हणून २पेक्षा मोठी कुठलीही बाजू चालेल. उत्तर एक नाही. दुसरं: "बाजू ५ने वाढवली तेव्हा क्षेत्रफळ २०ने वाढलं." समीकरण मांडून ती −०.५ पर्यंत पोचेल आणि ऋण म्हणून खोडेल, तेही बरोबर आहे. पण पेन उचलण्याआधीच ती म्हणाली की नुसता कोपराच २५चा आहे, तर २० होतीलच कसे, तर लाद्या बसल्या असं समजा.